आधी उतरवून घे

काल रात्री साडेदहाला तुझा फोन आला. "मामा, बाबांच्या कॉम्प्युटरवर लिहून येतंय, डिस्क वापरायची असेल तर आधी फॉरमॅट करा. करू का?" मी "नको, कॅन्सल कर आणि मशीन बंद कर" एवढंच म्हणून फोन ठेवला. तू बहुधा फुरंगटलीस. पण रात्री, घाईत, फोनवरून डिस्कबद्दल काही समजावून सांगायचं नाही असा माझा नेम आहे. तो का झाला ते पुढे येईलच. आज सकाळी चहा घेऊन निवांत लिहितोय. बडोद्यात गोत्रीच्या आमच्या सोसायटीत कुणाचा कॉम्प्युटर अडला की लोक आधी माझं दार वाजवतात आणि मग दुकान शोधतात. तुमच्या घरी ते दार आता तुझं होणार असं दिसतंय. तेव्हा माझ्याजवळ जे आहे ते घेऊन ठेव.

"फॉरमॅट करू का" असं विंडोज विचारते तेव्हा डिस्क रिकामी आहे असं तिला कळलेलं नसतं. आतलं वाचता आलं नाही, इतकंच तिला म्हणायचं असतं. डिस्क मॅनेजमेंट उघडलंस तर तिथे याच दुखण्याची आणखी नावं दिसतील. कधी फाइल सिस्टिमच्या जागी "रॉ" लिहिलेलं असतं, कधी सगळी जागा काळ्या पट्टीखाली "अनअलोकेटेड" दिसते, कधी उघडताक्षणीच "इनिशियलाइझ डिस्क" अशी चौकट पुढे येते. प्रत्येक ठिकाणी उत्तर एकच, कॅन्सल. तरीही कुणी घाबरून फॉरमॅट केलंच असेल, तर कुठलं केलं ते आधी विचार. क्विक फॉरमॅट नवी कोरी वही वर ठेवतं, खालचा मजकूर बराचसा तसाच असतो. क्विकची खूण काढून पूर्ण फॉरमॅट केलं, तर व्हिस्टापासून पुढची प्रत्येक विंडोज सगळ्या जागेवर शून्यं लिहीत जाते. मग मी काय आणि मोठी लॅब काय, सगळे सारखेच.

पार्टिशन म्हणजे वाटणी. तुझ्या आईला दांडिया बाजारातला आमचा वाडा आठवत असेल. आजोबांच्या पश्चात वाटणी झाली आणि वाटणीपत्राचा कागदच पुढे कुणाला सापडेना. कागद हरवला म्हणून भिंती पडल्या नव्हत्या. पुढच्या दोन खोल्या, मधला चौक, मागचं स्वयंपाकघर, सगळं जागच्या जागी होतं. कुठून कुठवर कोणाचं, हे सांगणारी ओळ तेवढी गेली होती. डिस्कचंही असंच आहे. जुन्या पद्धतीत वाटणीपत्र डिस्कच्या अगदी पहिल्या सेक्टरमध्ये असतं. सेक्टर ५१२ बाइटांचा आणि त्यातले फक्त ६४ बाइट वाटणीच्या नोंदींना, चार वाटे, प्रत्येकी १६ बाइट. १९८३ साली आयबीएमच्या एक्सटी मशीनबरोबर डॉस २.० आलं तेव्हाची ही व्यवस्था. म्हणूनच ती साधारण २ टेराबाइटच्या पुढे मोजू शकत नाही. कुणी ४ टेराबाइटची डिस्क आणून "अर्धीच दिसते" म्हणालं तर आधी हे आठव. नव्या पद्धतीत, म्हणजे जीपीटीत, शहाणपण आलं. वाटणीपत्राची दुसरी प्रत डिस्कच्या शेवटच्या टोकाला ठेवलेली असते, एक गेली तर दुसरीवरून उभी करता येते.

दोन्ही प्रती गेल्या तरी भिंती शोधता येतात. क्रिस्तोफ ग्रेनिये यांनी लिहिलेलं टेस्टडिस्क नावाचं फुकट साधन नेमकं हेच करतं. डिस्कवर फिरून प्रत्येक खोलीच्या उंबरठ्याच्या खुणा पाहतं आणि जुनी वाटणी पडद्यावर मांडतं. पडद्यावर मांडेपर्यंत ते काहीही लिहीत नाही, त्यामुळे निर्धास्त पाहा. तुझी डी ड्राइव्ह तिथे नावानिशी दिसली आणि पी दाबल्यावर आतल्या फाइलींची यादी आली, की निम्मं काम झालं समज. त्या पडद्यावर "राइट" असंही एक बटण असतं. ते इतक्यात दाबायचं नाही. माझा सगळा कानमंत्र त्या "इतक्यात"मध्ये आहे.

२००९ सालची गोष्ट. साडूंच्या नातीच्या बारशाचे फोटो एकाच डिस्कवर होते आणि ती डिस्क मधेच गोठायची. रात्री त्यांचा फोन आला. मी मोठ्या आत्मविश्वासाने सांगितलं, चेकडिस्क लावा, पुढे स्लॅश आर टाका, सकाळपर्यंत होईल. सकाळी टक्केवारी अकरावर अडली होती आणि डिस्क गरम तव्यासारखी झाली होती. मशीन बंद करून परत लावलं तर बायोसला डिस्क दिसेचना. आदल्या संध्याकाळी त्यातले बरेचसे फोटो उघडत होते. स्लॅश आर प्रत्येक सेक्टर वाचत जातो आणि वाचता येत नसलेल्या जागेवर पुन्हा पुन्हा डोकं आपटतो. मरायला टेकलेल्या डिस्कला मी रात्रभर डोंगर चढायला लावला होता. साडू कधी काही बोलले नाहीत. फोनवर रात्री सल्ला न देण्याचा नेम तेव्हापासूनचा.

चेकडिस्क वाईट नाही, पण तिचं काम काय ते नीट समजून घे. तुझ्या फाइली वाचवणं हे तिचं काम नव्हे. हिशेब जुळवणं हे तिचं काम. खतावणीत एखादी नोंद कुठल्याच खात्याला लागत नसेल, तर ती उचलून फाउंड डॉट शून्य शून्य शून्य नावाच्या फोल्डरात टाकते आणि हिशेब जुळला म्हणून मोकळी होते. ती टाकलेली नोंद तुझ्या लग्नाची चित्रफीत असली तरी तिला त्याचं सोयरसुतक नाही. वीज गेल्यामुळे फाइल सिस्टिम विस्कटली असेल आणि डिस्क स्वतः ठणठणीत असेल, तर स्लॅश एफ जरूर चालव, फायदाच होईल. उत्तरायणात तारांत मांजा अडकून दिवसातून चारदा वीज जाते तेव्हा मीही चालवतो. पुढे काहीही न जोडता नुसती चेकडिस्क दिलीस तर ती फक्त पाहून सांगते, दुरुस्ती करत नाही. पहिल्यांदा तशीच चालवावी.

मग डिस्क ठणठणीत आहे की नाही हे कसं ओळखायचं? आधी कानाने. खोलीतला पंखा बंद कर आणि कॅबिनेटला कान लाव. निरोगी डिस्क संथ घुमते, मधूनच बारीक कुरकुरते. ठरावीक अंतराने टक, टक, टक असा आवाज येऊन ती थांबत असेल, तर वाचणाऱ्या हेडला जागा सापडत नाहीये. अशी डिस्क तिथेच बंद कर. ती घरच्या इलाजाची नाही. प्लास्टिकच्या पिशवीत घालून फ्रीजरमध्ये ठेवायची युक्ती कुणीतरी सांगेलच. ऐकू नकोस, बाहेर काढल्यावर आत दव धरतं. उघडून तर मुळीच पाहू नकोस. हेड तबकडीपासून काही नॅनोमीटर इतक्याच अंतरावर तरंगत असतं, आपल्या घरातला धुळीचा एक कण त्याला डोंगराएवढा.

आवाज ठीक असेल तर केबल बघ. हसू नकोस. माझ्याकडे "डिस्क गेली" म्हणून येणाऱ्यांत केबलचीच दुखणी कितीतरी असतात. एकदा सोसायटीतल्याच एका घरी कॅबिनेट उघडलं तर आत पालीने संसार मांडला होता आणि साटाची केबल अर्धी निसटलेली होती. केबल घट्ट बसवली, अंडी हलवली, कॉम्प्युटर सुरू. त्या घरच्या काकूंनी पुढे दोन वर्षं मला लिलो चिवडो पाठवला.

त्यानंतर डिस्कची पत्रिका काढायची. प्रत्येक डिस्क स्वतःच्या तब्येतीची नोंद ठेवते, तिला स्मार्ट म्हणतात. विंडोजवर क्रिस्टलडिस्कइन्फो, लिनक्सवर स्मार्टसीटीएल. ओळी पुष्कळ असतात, तू तीनचार पाहायच्या. पाच क्रमांकाची ओळ म्हणजे बाद होऊन राखीव जागेवर हलवलेले सेक्टर. सी-पाच म्हणजे वाचता येत नाहीत पण अजून बाद ठरवलेले नाहीत असे. सी-सहा म्हणजे तपासणीतही न सुधारलेले. सी-सात म्हणजे केबलमधून जाताना बिघडलेली माहिती. एकटी सी-सातच वाढत असेल तर परत केबलकडे जा. सी-पाच शून्याहून जास्त असेल तर त्या डिस्कवर विश्वास संपला, स्मार्टचा एकंदर निकाल "उत्तम" असला तरी. तो निकाल फार उशिरा बदलतो. एक गंमत सांगतो. क्रिस्टलडिस्कइन्फो हे आकडे मुळात सोळाच्या पाढ्यात दाखवतं. शेजारच्या एका निवृत्त प्राध्यापकांनी "१०" पाहून दहा सेक्टर गेले असं मला सांगितलं होतं. गेले होते सोळा. सेटिंगमध्ये दशमान करता येतं.

आता मूळ गोष्टीवर येतो. डिस्क आजारी आहे असं वाटलं की दुरुस्तीच्या आधी तिची अख्खी नक्कल दुसऱ्या डिस्कवर उतरवून घ्यायची. पुढचे सगळे प्रयोग नकलेवर. टेस्टडिस्कचं ते "राइट" बटण नकलेवर दाब, चेकडिस्क नकलेवर चालव, चुकलं तर पुन्हा उतरव.

आपल्या बडोद्यात हे सांगायची गरजच पडू नये. ओरिएंटल इन्स्टिट्यूटमध्ये वाल्मीकी रामायणाची चिकित्सित आवृत्ती तयार झाली, १९६० ते १९७५ या काळात सात खंडांत छापून निघाली. ती करता आली कारण देशभर ठिकठिकाणी, वेगवेगळ्या लिप्यांत, कुणी ना कुणी पोथ्या नकलून ठेवल्या होत्या. एकीत पान गहाळ, तर दुसरीत सापडायचं. आणि जीर्ण पोथी उतरवायला बसलेला माणूस कसा बसत असेल याचा विचार कर. जी पानं सहज सुटतात ती आधी भराभर लिहून घ्यायची, चिकटलेल्या पानांना तेव्हा हात लावायचा नाही. सगळं हाती आलं की मग एकेक चिकटलेलं पान हलक्या हाताने सोडवायचं. फाटलं तर तेवढंच फाटेल. जीएनयू डीडीरेस्क्यू हे अँतोनियो दियास दियास यांनी लिहिलेलं साधन अगदी याच रीतीने चालतं. पहिल्या फेरीत चांगले भाग उचलतं, अडलं की उडी मारून पुढे जातं, शेवटी अडलेल्या जागांकडे वळतं. कुठे काय राहिलं याची वही ठेवतं, तिला मॅपफाइल म्हणतात. ती जपलीस तर मधेच थांबवून, डिस्क थंड होऊ देऊन, उद्या तिथूनच पुढे चालू करता येतं. पहिल्या दिवशी फक्त सोपी फेरी कर, त्यासाठी आज्ञेत वजा एन जोडायचं. साधी कॉपी-पेस्ट इथे कामाची नाही. खराब सेक्टरवर ती अडून बसते, आणि तेवढ्यात डिस्कचे उरलेले श्वास संपतात.

हे काम लिनक्सच्या पेनड्राइव्हवरून मशीन सुरू करून करायचं, विंडोजमधून नव्हे. विंडोज डिस्क दिसली की न विचारता तिच्यावर काहीबाही लिहीत सुटते. नक्कल घ्यायची डिस्क मूळ डिस्कएवढी किंवा मोठी हवी. आणि आज्ञेत पहिलं नाव मूळ डिस्कचं, दुसरं नकलेचं. उलट झालं तर कोऱ्या डिस्कचा कोरेपणा तुझ्या फाइलींवर उतरेल. हे मी एकदा करता करता वाचलोय. दोन्ही डिस्का एकाच मापाच्या होत्या आणि एंटर दाबायच्या आधी सहज चष्मा पुसायला थांबलो. तेव्हापासून डिस्कवर चिकटपट्टी लावून सीरियल नंबरचे शेवटचे चार आकडे आणि "मूळ" किंवा "नक्कल" असं लिहितो. सीरियल नंबर पडद्यावर दिसला की चिकटपट्टीशी ताडून बघायचा, मगच एंटर.

तू म्हणशील, मामा, बॅकअप आहे की, बाबा सगळं डी ड्राइव्हमध्ये ठेवतात. अगं, हीच तर आपल्याकडची जुनी खोड! कॉम्प्युटर जोडून देणारे एकाच डिस्कचे सी, डी, ई असे वाटे करून देतात आणि लोकांना वाटतं घरात तीन डिस्का आहेत. सीमधल्या फाइलींची प्रत डीमध्ये ठेवणं म्हणजे तिजोरीची दुसरी किल्ली तिजोरीतच ठेवणं. विंडोज पुन्हा टाकायची वेळ आली तर डी वाचते, तेवढा उपयोग खरा. पण डिस्क मेली की तिन्ही वाटे एकाच तिरडीवर. प्रत वेगळ्या डिस्कवर हवी आणि ती डिस्क जमल्यास वेगळ्या घरात. तुमची एक माझ्या कपाटात ठेव, माझी एक तुमच्याकडे.

वेगळ्या घरात का, ते ऑगस्ट २०२४ मध्ये इथे सगळ्यांना कळलं. विश्वामित्री नदी शहरात शिरली तेव्हा अकोट्याकडच्या एका ओळखीच्यांचा तळमजला पाण्यात गेला, कॉम्प्युटर आणि बॅकअपची डिस्क एकाच टेबलाखाली. लोकांना तेव्हा नदीतल्या मगरींची चिंता होती, त्या गृहस्थांना वडिलांच्या ध्वनिमुद्रणांची. त्यांनी डिस्क केस वाळवायच्या यंत्राने वाळवली आणि लावून पाहिली. भिजलेल्या डिस्कला वीज द्यायची नसते आणि ती घरी वाळवायचीही नसते, आत गाळ सुकून तबकडीला धरतो. ओल्या फडक्यात गुंडाळून, पिशवीचं तोंड बांधून, तशीच लॅबमध्ये न्यायची. पुराचं आणि डिस्कचं नातं तसं लांबवरचंही आहे. २०११ मध्ये थायलंडला पूर आला, तिथले डिस्कचे कारखाने पाण्याखाली गेले आणि इकडे डिस्कचे भाव चढले. मी जुन्याच डिस्कवर आणखी एक पावसाळा काढला.

बॅकअपसाठी स्वस्तातली पेनड्राइव्ह घेऊ नकोस. पाचशे रुपयांत २ टेराबाइट अशी जाहिरात दिसली तर समजायचं की आत छोटीशी चिप आहे आणि मोठा आकडा खोटं बोलायला शिकवलेला आहे. फाइलींची नावं सगळी दिसतात, त्यामुळे माणूस फसतो. चिप भरल्यानंतरचं पोटात काहीच नसतं. नवी आणली की एचटूटेस्टडब्ल्यू किंवा एफथ्री लावून काठोकाठ भरून, परत वाचून बघायची.

सी ड्राइव्ह भरली आणि शेजारी रिकामी जागा असूनही "एक्स्टेंड व्हॉल्यूम" फिकट दिसतं, ही तक्रार तुझ्याकडे हमखास येईल. विंडोजला रिकामी जागा सीच्या लगेच उजवीकडे लागते आणि मधे बहुतेक वेळा रिकव्हरीचं पार्टिशन असतं. शेजारची खोली मोकळी, पण मधे देवघर. देवघर उडवून खोली मोठी करणारे बरेच भेटतील. दुरुस्तीची वेळ आली की मग त्यांना देव आठवतात. ते पार्टिशन सरकवणारी साधनं मिळतात, लिनक्सच्या पेनड्राइव्हवर जीपार्टेड असतंच. पण सरकवायच्या आधी काय करायचं ते आता मी सांगायला नको.

नव्या लॅपटॉपात एसएसडी असते. ती टकटक करत नाही, न सांगता जाते, आणि पुसलेली फाइल ट्रिम नावाच्या आज्ञेमुळे थोड्या वेळात खरोखरच नाहीशी होते. तिथे उशीर चालत नाही. शिवाय नव्या विंडोज ११ मध्ये मायक्रोसॉफ्टचं खातं जोडलं की डिस्क आपोआप कुलूपबंद होऊ शकते. ४८ आकड्यांची किल्ली त्या खात्यात असते. ती कागदावर छापून रेशनकार्डाच्या पाकिटात ठेव. ती नसेल तर नक्कलही कुलपासकटच उतरेल.

आता तुमच्या डिस्कबद्दल. काल तू म्हणालीस, टकटक नाही, पण सुरू व्हायला वेळ लागत होता. आजोबांनी टंकून ठेवलेला कुलवृत्तांत तिच्यावर आहे आणि दुसरी प्रत कुठेच नाही, हेही तुझ्या आईकडून कळलं. ती आता लावूच नका, "चालते का बघू" म्हणूनही नाही. साटाची आणि विजेची अशी दोन्ही टोकं काढ, डिस्क जुन्या मऊ सुती साडीच्या तुकड्यात गुंडाळ आणि रविवारी सकाळी गोत्रीला घेऊन ये. स्कूटरच्या डिकीत टाकू नकोस, मांडीवर धर. बाबांना म्हणावं, १ टेराबाइटची नवी डिस्क आणा, बिल जपून ठेवा. उतरवायला पाचसहा तास तरी लागतील, जेवायलाच ये.

आणि कुलवृत्तांत निघाला, फाइल उघडली आणि आत नुसती इंग्रजी अक्षरं, कंस, टिंबं असं अगम्य काहीतरी दिसलं, तर डोळ्यांत पाणी आणून मला फोन करू नकोस. फाइल बिघडलेली नसेल. आजोबा श्री-लिपीत टंकायचे, युनिकोड आपल्याकडे रुळायच्या आधीपासून. तो फॉन्ट मशीनवर नसला की त्यांचं मराठी असंच दिसतं. फॉन्टची सीडी माझ्या टेबलाच्या खालच्या खणात आहे. सीडी वाचणारा ड्राइव्ह मात्र आता माझ्याकडे उरलेला नाही. तुमच्या जुन्या कॅबिनेटमध्ये असेल तर तोही काढून आण.